माधवीलतेला दिलेला ताण

माझं माहेर शेंदूरजनाघाटचं, संत्र्याच्या बागेतलं. लग्नानंतर बाबांनी अकोल्याच्या घरी लावायला माधवीलतेचं रोप दिलं. सात वर्षांत तिचं खोड मनगटाएवढं झालं, वेल गच्चीवर जाऊन बसली, पण फूल म्हणून नाही. रोज तिचा पाला झाडून सासूबाई वैतागल्या.

"होळीवरी फुलली त ठीक, नाही त तोडून टाकू."

मीही हट्टाला पेटले. म्हटलं, "नाही फुलली त मीच तोडीन."

आमच्याकडे संत्र्याला आंबिया बहार हवा असला की हिवाळ्यात झाडाचं पाणी बंद करतात. पानं मलूल होऊन गळू लागली की पाणी सोडायचं, मग झाड फुलांनी भरून येतं. याला ताण देणं म्हणतात. संत्र्याला चालतं ते वेलीला का चालू नये? डिसेंबर लागताच मी आळं मोकळं केलं आणि पाणी बंद केलं.

"वेल हाये ते, संत्रा नाही," नवरा म्हणाला. मी ऐकते थोडीच!

पण पानं मलूल होईनात. दीड महिना झाला तरी वेल आपली हिरवीगार. शेवटी पाणी सोडलं, तर नुसती नवी पालवी आली. होळी झाली. कळीचा पत्ता नव्हता.

धुळवडीच्या दुसऱ्या दिवशी मी करवत घेऊन अंगणात गेले. रडू येत होतं, पण शब्द दिला होता. करवत खोडाला लावली तोच सासूबाईंनी माझा हात धरला.

"नको तोडू. तू शिकवाले शाळेत गेली का मीच रोज भाजी धुतल्याचं पाणी टाकत होती तिले."

मी भडकलेच. "काहून पण? तोडा म्हणून तुमीच मागं लागल्या होत्या ना?"

"तोडणं येगळं," त्या म्हणाल्या. "दारातल्या झाडाले उपाशी ठेवणं माह्याच्यानं झालं नाही."

माझा राग दोन दिवस टिकला. मग स्वतःचीच लाज वाटली, कारण त्या दीड महिन्यात वेलीची कीव मला एकदाही आली नव्हती.

तरी हट्ट सोडलेला नाही. यंदा डिसेंबर लागताच पुन्हा पाणी बंद केलं. शाळेला निघाले तर सासूबाईंनी भाजी धुवायचं पातेलं माझ्या हातात दिलं.

"कपाटात ठेव अन् किल्ली घेऊन जा," त्या म्हणाल्या. "माहा भरोसा नाही."