हार घातलेला फोटो

रंगमंचावर आणि पडद्यावर मी सगळं काही झाले: खाष्ट सासू, मोलकरीण, राणी, वेडी, वकील. नायिका तेवढी झाले नाही. नाक आड येतं, असं एका दिग्दर्शकानं तोंडावर सांगितलं होतं. सुरुवात इंदूरच्या हौशी मराठी नाटकांतून झाली. तालमी पोलोग्राउंडच्या एका बंद कारखान्याच्या शेडमध्ये व्हायच्या. पुढे हिंदी मालिका आल्या. लोक अजूनही चेहरा ओळखतात आणि मग नाव विचारतात. त्याचं मला दुःख नाही. दुःख एकाच माणसाचं होतं.

आमचे हे इंदुरातच पलासियाला बँकेत होते. माझा प्रत्येक प्रयोग बघायचे आणि घरी येताना स्कूटरवर एवढंच म्हणायचे, "दुसऱ्या अंकात घाई झाली." टाळ्या पडोत, बक्षीस मिळो, घाई झालेलीच असायची. कधीतरी "छान केलंस" म्हणतील म्हणून मी आयुष्यभर वाट पाहिली. असला चिवट प्रेक्षक देव कोणाला देऊ नये.

हळूहळू कामं आटली. आधी आजीची, मग अंथरुणाला खिळलेल्या आजीची. गेल्या हिवाळ्यात फोन आला, "अम्माजी, इस बार एक छोटा सीन है, बाकी आप फोटो में रहेंगी." सांवेरजवळच्या एका घरात वेब सीरिजचं शूटिंग होतं आणि भिंतीवर मेलेल्या आईचा फोटो हवा होता. आमच्या दिवाणखान्यातला माझा फोटो मी खिळ्यावरून काढला आणि घेऊन गेले.

आम्हा नटांमध्ये एक रिवाज आहे. जिवंत माणसाच्या फोटोला हार घातला, तर काम संपल्यावर त्यानं तो स्वतःच्या हातानं उतरवायचा आणि तोंड गोड करायचं. इतरांना मी हे दटावून करायला लावलं आहे. त्या दिवशी मात्र गाडी निघत होती आणि जीव घरात अडकला होता. दोन वर्षांपासून यांचं विसरणं वाढत चाललं होतं, म्हणून शेजारणीला बसवून आले होते. कोणीतरी फोटो चादरीत गुंडाळून हातात दिला. घरी येऊन मी तो तसाच पलंगावर ठेवला, शेजारणीला निरोप दिला आणि हातपाय धुवायला गेले.

बाहेर आले तर यांनी फोटो खिळ्यावर लावला होता. वस्तू जागच्या जागी हवी, ही सवय काही सुटली नव्हती. चंदनाचा हार तसाच होता. समोर खुर्चीत बसून हे रडत होते. मी यांना कधी रडताना पाहिलं नव्हतं.

मी हार ओढून काढला. "अहो, मी इथे आहे."

त्यांनी वर पाहिलं आणि परक्या बाईशी बोलावं तसं अदबीनं म्हणाले, "बसा ना जी. माझी मिसेस गेली. तुम्ही नाटकवाल्या का?"

"हो," मी म्हटलं.

"क्या काम करायची ती. पूरा हॉल चुप व्हायचा. मी तिला कभी बोललो नाही. वाटायचं, तारीफ केली तर तिथंच थांबेल, आगे नाही जाणार."

उभा जन्म जे ऐकायला तरसले, ते हे समोर बसून बोलत होते आणि ऐकणारी मी त्यांच्या लेखी कोणीतरी दुसरीच होते. मला रडू आलं आणि रागही आला. मी त्यांचा हात धरला. "मीच ती. नीट बघा. तुमच्या चहात रोज साखर कमी घालते, ती मीच."

त्यांनी माझा चेहरा निरखून पाहिला. कुठल्याही पडद्यामागे मी इतकी घाबरले नव्हते.

"आवाज तिच्यासारखा काढता," ते म्हणाले. "पण थोडी घाई होते."