न बोललेलं वाक्य

ब्रिस्टलच्या नाटक कंपनीत हर्बर्ट टॅपस्कॉटने उभा जन्म बटलर, हवालदार नाहीतर मुडदा होण्यात घालवला. यंदा नाटकाचं शेवटचं वाक्य त्याच्या वाट्याला आलं आणि त्याची झोपच उडाली. ते वाक्य तालमीत बोलायचं नसतं, प्रॉम्प्टरच्या प्रतीतही लिहायचं नसतं. नाहीतर नाटक पडतं, अशी तिथल्या नाटकवाल्यांची जुनी समजूत. तालमीत तो तिथं नुसती मान लववून गप्प राही.

पहिल्या प्रयोगाला तो विंगेत येरझारा घालत होता.

"अरे बर्टी, एकच तर वाक्य आहे," प्रॉम्प्टर ईनिड कुजबुजली. "खाणार आहे का तुला?"

वेळ आली. सवयीने मान लवली, तोंड मिटलेलंच राहिलं. त्याने ईनिडकडे पाहिलं. तिची प्रत तिथं कोरी होती. पडदेवाला दोरी धरून वाक्याची वाट बघत होता.