स्वतःच्या नावाचा रोल

डीटरकाका आयुष्यभर मरतच आले. माणूस जर्मन. तरुणपणी अमेरिकेत आले आणि युद्धाच्या सिनेमांत त्यांना एकच काम मिळत गेलं. गणवेश घालायचा, गोळी लागली की पडायचं. कधी जिन्यावरून, कधी जीपमधून. नाव असलेला रोल एकही नाही. शेवटी कंटाळून बायकोच्या गावी, अर्विंगला आले आणि फ्रिज दुरुस्त करत म्हातारे झाले. बायको गेली, मुलगी लांब ईडन प्रेरीला.

त्यांच्या खालच्या अपार्टमेंटमध्ये सिद्धेश राहायचा. नागपूरचा, एमएस करायला आलेला, पण डोक्यात सगळा सिनेमा. २००४ला तिथल्या मराठी मंडळानं गणपतीत शॉर्ट फिल्मची स्पर्धा ठेवली, तेव्हा त्यानं विचारलं, काका, स्वतःचाच रोल करता का? दुसऱ्या दिवशी काका इस्त्रीचा निळा शर्ट घालून दारात उभे.

सोफ्यावर बसून बोलले. नाव, गाव. बायको सेटवरच भेटली, ते मरून पडले होते आणि ती कॉफी घेऊन आली, म्हणे. मग सिद्धेशच म्हणाला, जरा पडून दाखवा ना. गुडघा दुखत होता तरी काका पार्किंगमध्ये पडले. मग परत. मग अजून एकदा.

फिल्म पाच मिनिटांचीच हवी होती. रूममेट सत्यजित म्हणाला, "बोलणं बोअर होतंय यार. पडणं भारी आहे." सिद्धेशनं बोलणं उडवलं. वर त्याच टेपवर मंडळाच्या ढोलाची प्रॅक्टिस शूट केली, म्हणजे मूळ बोलणंही पुसलं गेलं. नवी टेप आणायला कोण जातंय!

गणपतीला काका पहिल्या रांगेत, शेजारी खास विमानानं आलेली मुलगी. पडद्यावर काका पडले की हॉल हसायचा. बारकी पोरं "अगेन, अगेन" करत होती. पहिलं बक्षीस मिळालं. घ्यायला जाताना सिद्धेशनं पहिल्या रांगेकडे बघायचं टाळलं.

बाहेर काकांनी गाठलंच.

"मी वाईट बोललो का रे?"

"नाही काका. वेळ नव्हता."

"हं. कधीच नसतो."

मुलगी म्हणाली, आई गेल्यापासून बाबा तिच्याबद्दल एक शब्द बोललेले नाहीत, तुझ्यासमोर बोलले म्हणे, ती टेप मला मिळेल? सिद्धेश म्हणाला, शोधतो. टेपवर ढोल वाजत होते हे त्याला पक्कं माहीत होतं.

आठवडाभर तो मागच्या जिन्यानं चोरासारखा ये-जा करत राहिला. काकांच्या खुर्चीचा वरून आवाज आला तरी दिवा बंद करायचा. शेवटी नवी टेप घेऊन वर गेला आणि काय केलं ते सांगून टाकलं. काका चिडले असते तर बरं झालं असतं. ते नुसते आत गेले आणि निळा शर्ट घालून आले.

सिद्धेशनं कॅमेरा लावला. लाल दिवा लागला. म्हणाला, बोला काका, हवं तितकं बोला.

काकांनी खुर्ची मागे सरकवली, गुडघ्यावर हात टेकून उठले आणि जमिनीकडे बघत म्हणाले,

"कुठे पडू?"