नाल्यापलीकडे तीन फेऱ्या

वऱ्हाड मध्यप्रांताला जोडलेला होता, त्या काळात मी सरकारसाठी माहितीपट काढत असे. निजामाच्या मुलखातून येणाऱ्या निर्वासितांवर एक हवा होता, म्हणून मेहकरच्या दक्षिणेला सरहद्दीवरच्या एका गावात उतरलो. सकाळीच एक पिंजारी बायको आणि दोन मुलींना घेऊन आला होता. पोलीस पाटलांनी उलटसुलट विचारून शेवटी त्याला धर्मशाळेत जागा दिली. माझा कॅमेरा तेव्हा पेटीतच राहिला होता.

दुपारी गावकऱ्यांना लांब ठेवून मी पिंजाऱ्याला म्हणालो, "मियाँ, नाल्यापलीकडे जा आणि सकाळसारखेच परत या."

"एकदा आलो ते पुरलं नाही का, साहेब?" तो हसला. तरी बिऱ्हाड उचलून निघाला. मला उजेड पटेना, म्हणून मी त्यांना तीनदा चालवलं.

नाल्यापलीकडे निजामाची हद्द होती. शेतातून कोणीतरी त्यांना पाहिलं. संध्याकाळी पाटील धर्मशाळेच्या दारात उभे राहिले.

"एका दिवसात तीनदा नाला पार? कोणाले खबर देऊन राह्यला बे?"

"साहेबांनीच चालवलं. त्यांनाच विचारा."

खरं सांगितलं असतं, तर खरं आगमन म्हणून दाखवायचं माझं चित्रण खोटं ठरलं असतं.

"मी नाही कोणाला पाठवलं," मी म्हणालो.

त्यांना तेव्हाच गाव सोडावं लागलं. जाताना त्याची बायको माझ्यासमोर थांबली.

"साहेब, आता काढा फोटू. हे जाणं खरं हाय."