शिवलालचं नाक

फिल्म चाळीस मिनिटांची. पण ती बनवतानाचे किस्से सांगायला बसलो की चहा तीनदा गरम करावा लागतो!

आमची डायरेक्टर प्राचीताई चित्रकारही आहे. नक्षली आणि पोलीस यांच्या मधल्या पट्ट्यात जी माणसं हरवली, त्यांचे फोटोही घरात नाहीत. घरच्यांनी आठवून सांगायचं, ताईने कोळशाने चेहरा काढायचा, कॅमेऱ्याने तो उमटताना टिपायचा. मी साउंडवाला.

*

सराव म्हणून त्याच पट्ट्याजवळच्या गोरेगावच्या बाजारात बसलो. पाटी लावली: ‘आठवणीतला चेहरा काढून मिळेल.’ एक टकले काका समोर येऊन बसले.

“कोणाचा काढू, काका?”

“माझाच काढा. पन केसासकट! मले चांगले आठवतेत!”

*

वाटेत सडक अर्जुनी गावातला ढाबेवाला म्हणाला, “मॅडम, पहले मेरा ढाबा जंगल के पास था. दोनों तरफवाले आते, दोनों पूछते, तू किसका आदमी है?”

“मग तुम्ही काय सांगायचे?”

“दाल-फ्राय का!”

*

मग आम्ही फुलवंताबाईंच्या गावात पोचलो. त्यांचा शिवलाल बैल शोधायला जंगलात गेला, तो परतलाच नाही. पुढे पोलिसांनी त्याचंच चित्र ‘पाहिजे आहे’ म्हणून भिंतीवर लावलं. तेव्हापासून गावात कोणी भीतीने त्याचं नावही घेत नव्हतं.

आणि आमची ताई काळ्या कोळशाचे चेहरे घेऊन दारात उभी! डिट्टो ती नोटीस! फटाफट दारं बंद.

फुलवंताबाई एवढंच म्हणाल्या, “एकदा काढलं ना चित्र. आता अजून कायले काढून राहिली?”

ताई म्हणाली, “चित्र तुमच्याकडेच राहील. पटलं नाही तर चुलीत घाला.”

बाईंनी ते शब्दशः घेतलं! चार दिवस त्यांची चूल आमच्या कागदांवर पेटली. पाचव्या दिवशीचा कागद त्यांनी बराच वेळ पाहिला, फळीवर ठेवला, आणि चुलीसाठी काटक्या आणायला उठल्या.

*

शहरात एका फेस्टिव्हलच्या निवड कमिटीने फिल्म पाहून विचारलं, “यात बंदूक कुठेच दिसत नाही?” माझं डोकंच सटकलं. ताई मात्र शांत.

“सर, बंदूक सगळ्यांनी पाहिली आहे. शिवलाल कोणी पाहिलाय?”

*

पहिला जाहीर शो फुलवंताबाईंच्याच गावात, धानाच्या गोदामात. खिडक्यांना पोत्यांचा बारदाना लावून भरदुपारी अंधार केला. चादरीवर शिवलालचा चेहरा आला.

मागून एक आवाज आला, “शिवलालचं नाक असं नोहोतं!”

“असंच होतं! माझ्यासंग शाळेत होता शिवलाल!”

“तू कवा गेला बे शाळेत?”

“शिवलाल असता तं त्यालेच विचारलं असतं!”

अर्धं गोदाम उभं. नाकावरून गाव पेटलं! फिल्म थांबवावी लागली.

तेवढ्यात फुलवंताबाई उठल्या. एका क्षणात सगळे चिडीचूप. कोणी मान खाली घातली, कोणी टोपी काढली.

बाईंनी सगळ्यांकडे एकदा पाहिलं.

“थांबले काऊन? भांडा ना!”