पहिले दोन ठेपले

जेंतीभाई गेल्याचा फोन आला तेव्हा माझ्या मनात सगळ्यात आधी काय आलं, ते लिहायची लाज वाटते. फोन वडस्याहून त्याच्या सुनेनं केला होता. "काका, बाबूजी आज सकाळी गेले," एवढंच ती म्हणाली. मी तोंडानं "अरेरे" म्हणत होतो आणि डोक्यात चाललं होतं, हिला माझा नंबर कोणी दिला? आणि मलाच का कळवलं? वडस्यात त्याचे एवढे नातेवाईक, एवढे व्यापारी, त्यात चामोर्शीतला एक रिटायर वनरक्षक कशाला हवा? फोन ठेवला आणि बायकोला सांगितलं. ती डोळ्याला पदर लावून रडायला लागली. मी मात्र कोरडाच बसून होतो. "तुमी सपनात बी लोकायच्या पिशव्या तपासता," ती मला नेहमी म्हणते. त्या दिवशी म्हणाली नाही, नुसती बघत राहिली.

माझी सगळी नोकरी संशयावर झाली. गडचिरोलीहून चामोर्शीकडे येताना रस्त्यात वनखात्याचा तपासणी नाका आहे, तिथे मी बरीच वर्षं काढली. आडवा बांबू, एक खोली, एक कडुलिंब आणि चौकीदार मडावी. येणारी प्रत्येक गाडी थांबवायची, वाहतुकीचा पास बघायचा, पोत्यात हात घालायचा. चारोळीच्या पोत्याखाली सागवानाच्या फळ्या निघालेल्या मी पाहिल्या आहेत. मूठभर मीठ देऊन जंगलातल्या बायकांकडून ओंजळभर चारोळी नेणारे व्यापारीही पाहिले आहेत. त्यामुळे व्यापारी गोड बोलायला लागला, की माझा हात आपोआप त्याच्या ताडपत्रीकडे जायचा.

जेंतीभाई गोडच बोलायचा. वडस्यातल्या गुजराती घरातला, भावांचा धानाचा धंदा, पण हा त्यात रमला नाही. स्वतः टेम्पो चालवत बाजार करायचा. जाताना हिंग, मसाले, साबण, मीठ. येताना चिंच, हिरडा, चारोळी. पहिल्यांदा थांबवला तेव्हा त्यानं पास दिला आणि त्याच्या पाठोपाठ पळसाच्या पानात गुंडाळलेलं काहीतरी माझ्या हातात ठेवलं. पिवळसर, पातळ पोळ्या, मेथीचा आणि हिंगाचा वास.

"काय हाये याच्यात?" मी विचारलं.

"थेपला हाये भाऊ. दोन हायेत. घ्या."

"काऊन?"

तो हसला आणि गाडीत जाऊन बसला. मी त्याच्या देखत ते पान मडावीच्या हातात दिलं. मडावीनं ते कडुलिंबाखाली बसून खाल्लं आणि "साहेब, गुजरात्यायची भाकर भारी हाये," असा निकाल दिला.

नंतर हे ठरूनच गेलं. तो यायचा, मी हात वर करायचो, तो पास द्यायचा आणि पाठोपाठ दोन ठेपले. मी ते मडावीला द्यायचो. जेंतीभाईला त्याचं काही वाटायचं नाही, पण द्यायचे मात्र माझ्याच हातात. मडावी समोर उभा असला तरी त्याच्याकडे नाही. मला हे खटकायचं. लाच म्हणावी तर दोन पोळ्यांची लाच कोण देतो? आणि लाच नाही म्हणावं तर काहीतरी पाणी मुरत असणारच. आज दोन ठेपले, उद्या एखादा डबा, परवा आणखी काही, मग एक दिवस म्हणेल, रामटेकेभाऊ, तेवढी गाडी जाऊ द्या. मी त्या दिवसाची वाट बघत होतो.

मी त्याला अडकवायचाही प्रयत्न करायचो. "हे पळसाचं पान कुठून तोडलं? याचा पास कुठी हाये?" तो म्हणायचा, "आमच्या वाडीतलं हाये भाऊ, पायजे तर झाडाले इचारा." एकदा मी त्या शब्दावरूनच त्याला धरलं. थेपला म्हणजे काय? तो म्हणाला, हातानं थापून करतात म्हणून थेपला. मी पोळी उजेडात धरली. कडा गोल, जाडी सगळीकडे सारखी. "ही तर लाटण्यानं लाटलेली हाये." तो म्हणाला, "आजी थापे, बायको लाटते. नाव तेच राह्यलं." उत्तर तयार होतं. ज्याचं उत्तर तयार असतं त्याच्यावर मी जास्त नजर ठेवायचो.

मग एका उन्हाळ्यात नाक्यावर निनावी चिठ्ठी आली. वडस्याच्या टेम्पोत पोत्यांखाली सागवान आहे, अमुक दिवशी येतो आहे. खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला. इतक्या वर्षांचा हिशेब लागल्यासारखं वाटलं. भर दुपारी टेम्पो आला, मी सगळी पोती खाली उतरवायला लावली. मडावी घामानं भिजला. जेंतीभाई स्वतः पोती ओढू लागला. मागे थांबलेल्या गाड्यांतली माणसं उतरून तमाशा बघत उभी राहिली. शेवटी खाली निघाली एक फाटकी ताडपत्री आणि एक जुना टायर. तरी माझं समाधान होईना. सीटवर त्याचा स्टीलचा डबा होता. मी तो उघडला आणि सगळ्यांच्या देखत एकेक ठेपला उचलून खाली काय आहे ते बघत गेलो. दोन पोळ्यांच्या मध्ये बोटं घालून बघितलं. एका वाटीत आंब्याचा छुंदा होता, त्यातही चमचा फिरवला.

काही नव्हतं. डब्यात फक्त ठेपले होते.

मला वाटलं, आता हा डबा फेकून देणार. मी त्याच्या प्रत्येक पोळीला हात लावला होता. आमच्या हातचं खाताना थबकणारी माणसं मी लहानपणापासून पाहिली आहेत, ती शिकवण काही कोणत्या परिपत्रकानं जात नाही. जेंतीभाईनं वरचे दोन ठेपले काढून माझ्या हातात दिले. मी उभाच होतो, म्हणून म्हणाला, "आज तरी मडावीले देऊ नका. उभ्यानं पोती मोजले तुमी, भूक लागली असन." मग त्यानं तिसरा, मीच चिवडलेला, छुंद्यात बुडवून खाल्ला. त्या दिवशी मी पहिल्यांदा ठेपला खाल्ला. मेथीचा कडूपणा, तीळ, ओवा, दह्याचा थोडा आंबटपणा. फार चांगला होता. मान खाली घालून खाल्ला. आणि रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या मनात आलंच, की त्यानं माझ्या हातचं खाल्लं ते लोक बघत होते म्हणून तर नाही? असा मी माणूस.

रिटायर झालो तेव्हा म्हटलं, आता कळेल. माझा नाका सुटला, माझा हात कोणाचीच गाडी अडवत नाही, आता ठेपले येतात का बघू. महिन्याभरात टेम्पो आमच्या चामोर्शीच्या घरापुढे उभा. जेंतीभाई खाली उतरेना. खिडकीतून म्हणतो, "भाऊ, हात वर करा ना."

"काऊन?"

"नाक्यावर करत होते तसाच. थांबवा मले."

बायको ओट्यावरून हसत होती. मी चिडून हात वर केला. तेव्हा कुठे तो उतरला, दोन ठेपले माझ्या हातात दिले, ओट्यावर बसला आणि मगच स्वतःचा डबा उघडला. पुढेही असाच येत राहिला, आणि सकाळपासून काही पोटात नसल्यासारखा खायचा. मला वाटायचं, सावली मिळते, पाणी मिळतं, बायको चहा करते, म्हणून येतो. पुढे वय झालं, टेम्पो विकला, बाजार सुटले, तरी दोन-तीन महिन्यांनी एसटीनं यायचाच. फाटकाबाहेर उभा राहायचा, मी हात वर केल्याशिवाय आत पाऊल टाकायचा नाही. माझं डोकं पुन्हा चालू झालं. ज्याचा इकडे आता काही धंदा नाही तो एवढ्या लांब कशाला येतो? त्याच सुमारास माझा मुलगा वनखात्याच्या कार्यालयात लागला होता. हं, म्हटलं, आता उलगडलं.

या वर्षी थंडी सरता सरता तो शेवटचा आला. बायको बहिणीकडे गेली होती, मी अंगणात एकटाच पेपर वाचत होतो. फाटकाशी त्याचा खोकला ऐकू आला. फार वाळला होता. खांद्याला कापडी पिशवी.

"भाऊ, थांबवा," तो म्हणाला.

मी पेपर खाली केला नाही. "आता कशाचा नाका, जेंतीभाई? काय काम हाये ते सरळ सांगा ना."

"काम?..." तो जरा वेळ तसाच उभा राहिला. मी हात वर करीन म्हणून असेल. मग म्हणाला, "काई नाई भाऊ. येतो मी." आणि पिशवी तशीच खांद्याला घेऊन बसस्टँडकडे गेला. मी हाक मारली नाही. ही गोष्ट मी बायकोलाही सांगितली नाही. उलट आठवडाभर वाट बघत होतो, की आता याचा मुलगा माझ्या मुलाला फोन करेल. फोन आला नाही. काही आठवड्यांनी आला तो सुनेचा.

तेरावं उरकल्यावर मी वडस्याला गेलो. त्याची बायको हंसाबेन हिला मी तोवर एकदाही पाहिलं नव्हतं. तिनं मला बघताच ओळखलं. "रामटेकेभाऊ ना? नाक्यावाले?" पाणी दिलं, समोर बसली. मग मी ते विचारलं, जे मला त्याला पहिल्या दिवशी विचारून उत्तर मिळालं नव्हतं. ते दोन ठेपले कशासाठी?

"ते माझ्या सासूचं," ती म्हणाली. "घरातून कोणी बी बाहेर निघालं का आमी थेपला बांधून देतो. सासूचा नेम होता, रस्त्यात जो पयले थांबवन, पयले दोन त्याचे. त्याच्या मनात काई बी असो. त्याले देल्याशिवाय आपला डबा खोलाचा नाई."

माझा जीव एकदम हलका झाला आणि लगेच खट्टूही झाला. म्हणजे लाच नव्हती. पण मीही कोणी नव्हतो. थांबवणारा कोणीही चालला असता.

"म्हणजे कोणालेही दिले असते," मी म्हणालो.

"तेच तर माझं भांडण होतं," हंसाबेन म्हणाली. "पयल्या खेपेला पयले तुमीच थांबवलं. पुढं तुमच्या आधी आरमोरीत पोलीस थांबवत, गडचिरोलीच्या अलीकडे बी एक नाका होता. त्यायले नाई द्यायचा. म्या म्हटलं, सासूचा नेम मोडून राह्यले तुमी. तर म्हणे, ते लोक कागद पायतात, तो माणूस मले पायते. तुमच्यापर्यंत उपाशी जायचा. शुगर होती त्याले, तरी ऐकत नाई."

माझ्यातला नाकेदार तेव्हाही जागा होता. म्हटलं, दुःखातली बाई आहे, दारी आलेल्याला बरं वाटावं म्हणून बोलत असेल. माणूस गेल्यावर सगळेच चांगलं सांगतात. मी नुसती मान हलवली.

"शेवटी तुमच्याकडे आला होता ना," ती पुढे म्हणाली, "त्या दिवशी संध्याकाळी घरी आला तर डबा जसाचा तसा. फडक्याची गाठ बी सोडली नव्हती. चक्कर येऊन राह्यली होती. म्या इचारलं, काऊन नाई खाल्लं? तर म्हणे, आज कोणी थांबवलंच नाई."

त्या दिवशी फाटकाशी आम्ही दोघंच होतो. मी कोणाला सांगितलं नव्हतं. हे तिला त्याच्याशिवाय कोणी सांगूच शकत नव्हतं, आणि त्यानंही माझं नाव घेतलं नव्हतं. आयुष्यभर पुरावा शोधत फिरलो, तो असा मिळाला. मी तिथे त्या परक्या घरात, सुनेच्या आणि नातवंडांच्या समोर, मोठ्यानं रडलो. हात वर करायला काय लागतं? तेवढंही मी केलं नाही. हंसाबेनला मी सगळं सांगितलं.  ती उठून आत गेली. आतून लाटण्याचा आवाज येत होता. निघताना तिनं माझ्या हातात डबा दिला. "तुमी बी आता रस्त्यानं निघून राह्यले," एवढंच म्हणाली.

परतीच्या एसटीत डबा मांडीवर घेऊन बसलो. गरम होता. आरमोरी गेली, गडचिरोली गेली. एसटीला कोण थांबवतो? शेवटी कंडक्टरला सांगून मी माझ्या जुन्या नाक्यावर उतरलो. कडुलिंब आहे. मडावी कधीच गेला. आता तिथे कॅमेरा आहे, आणि खुर्चीवर एक वनरक्षक बाई बसली होती, तिशीची, खाकीत. मी तिच्यासमोरून हळूहळू चालत गेलो. तिनं बघितलं आणि मान फिरवली. म्हातारा पायी चाललेला, त्याला कोण अडवणार? मी पुढे जाऊन परत आलो. पुन्हा तिच्यासमोरून गेलो. तिसऱ्यांदा वळलो तेव्हा ती उठली.

"ओ काका! थांबा तिथीच. काऊन फिरून राह्यले इथी? काय हाये त्या डब्यात?"

मी थांबलो. डबा उघडला आणि वरचे दोन तिच्यापुढे धरले. "थेपला हाये. घ्या."

"काऊन?" तिचे डोळे बारीक झाले. "आमी असं कोणाचं घेत नाई."

"बराबर हाये," मी म्हणालो. "पयले तपासून पाहा. एकेक उचलून पाहा, मले राग नाई."

ती डब्याकडे बघे, माझ्याकडे बघे. मी कडुलिंबाखालच्या दगडावर बसलो. दुपार टळून गेली होती आणि सकाळपासून माझ्या पोटात काही नव्हतं.

"घाई नाई बाई," मी म्हटलं. "पण तुमी घेतल्याशिवाय मले बी खाता येत नाई."