मोठ्यांनी हात पाठीमागे ठेवावेत

त्याला सगळे रंधा म्हणत. तो सुतार होता म्हणून नव्हे. सुतार त्या गल्लीत आणखी दोन होते आणि त्यांना लोक सुतारच म्हणत. ह्याला रंधा म्हणत, कारण समोर येईल त्याला तासल्याशिवाय ह्याला चैन पडत नसे. शेजाऱ्याने कौतुकाने नवं कपाट दाखवायला बोलावलं, तर हा बिजागरीवर बोट ठेवून "कुणी बसवली?" एवढंच विचारायचा आणि उत्तराची वाट न बघता निघून जायचा. शेजारी मग आठवडाभर त्या बिजागरीकडे संशयाने बघत बसे. जावयाने एकदा हौसेने स्टूल बनवलं. रंधाने त्यावर पाण्याचा पेला ठेवला, पेला डुगडुगला, रंधाने तो उचलून पाणी पिऊन टाकलं. जावयाने त्यानंतर हातोडीला हात लावला नाही.

हाताला मात्र खोट नव्हती, हे मान्य करायलाच हवं. चर्चमधले बाक त्यानेच केलेले. चाळीस वर्षं झाली, एकही करकरला नाही. प्रवचनाच्या वेळी मंडळी इतकी शांत पेंगतात ते आपल्या बाकांमुळेच, असं तो पाळकांच्या तोंडावर सांगे. बायको होती तोवर ती त्याची बाही ओढून त्याला गप्प करी. ती गेल्यावर बाही ओढणारं कोणी उरलं नाही. मुलगी दोन गल्ल्या सोडून राहायची, दवाखान्यात परिचारिका होती, आणि बापाचं ऐकून घेण्याइतका वेळ तिच्याकडे नव्हता.

तर ह्या चर्चच्या मंडळीचं दरवर्षी सुट्टीत तरुणांचं सेवाशिबिर भरे. चाळीसएक मुलंमुली आठवडाभर शाळेच्या इमारतीत मुक्कामाला यायची, सकाळी प्रार्थना करून गटागटाने बाहेर पडायची आणि म्हाताऱ्या, आजारी, एकट्या माणसांची घरं दुरुस्त करून द्यायची. मुलं चांगली होती, त्यांच्याबद्दल तक्रार नाही. पण मुलं म्हटली की सांभाळायला मोठी माणसं आली, आणि मोठी माणसं म्हटली की पदं आली. गटनेता, प्रार्थना-सोबती, स्वयंपाक-प्रमुख, वाहन-प्रमुख आणि एक स्वागत-प्रमुख, जो स्वतःच सगळ्यांच्या मागून यायचा. प्रत्येकाच्या गळ्यात वेगळ्या रंगाची पट्टी आणि तिला लटकवलेलं कार्ड. घरी स्वतःचं ताट न उचलणारे पुरुष ती पट्टी घालून असे काही चालत की जणू इमारत त्यांच्याच खांद्यावर उभी आहे.

शिबिराचा पहिला नियम भिंतीवर लावलेला असे: मोठ्यांनी हात पाठीमागे ठेवावेत. म्हणजे काम मुलांनी करायचं, मोठ्यांनी तोंडाने सांगायचं, मुलांच्या हातातलं अवजार ओढून घ्यायचं नाही. नियम शहाणपणाचा होता. पण ज्यांना हातांनी काहीच येत नव्हतं, त्यांना तो भलताच सोयीचा पडला. हात पाठीमागे बांधून, पोट पुढे काढून ही माणसं दिवसभर उभी राहत आणि संध्याकाळी थकल्याचं सांगत.

त्या वर्षी रंधाने गटनेता व्हायला अर्ज भरला. अर्जात प्रश्न होता, 'मुलांच्या चुका तुम्ही कशा हाताळाल?' रंधाने लिहिलं, 'चुका होऊ देणार नाही.' समितीने तो अर्ज वाचला, एकमेकांकडे पाहिलं आणि त्याला करडी पट्टी देऊन अवजारांच्या खोलीत बसवलं. पदाचं नाव 'अवजार-सांभाळ'. सकाळी अवजारं द्यायची, संध्याकाळी परत घ्यायची. गटनेत्याची निळी पट्टी मिळाली विमा कार्यालयातल्या साहेबांना. साहेबांनी दोन दिवसांचं प्रशिक्षण घेतलं होतं आणि त्यांच्याकडे पुस्तिका होती. रंधाला हे फार लागलं. करडी पट्टी गळ्यात घातली आणि अवजारांच्या खोलीत जाऊन पटाशांना धार लावत बसला.

साहेबांच्या गटाकडे हॅलोबाईंचं घर होतं. हॅलोबाई म्हणजे टेलिफोन एक्स्चेंजमधून निवृत्त झालेल्या बाई. तीस वर्षं लोकांना एकमेकांशी जोडून दिलं, म्हणून हे नाव. आता पाय गेले होते आणि त्या चाकाच्या खुर्चीत होत्या. घराला दीड फुटाचा चढ, तीन पायऱ्या. बाहेर जायचं तर दोन शेजारी खुर्चीसकट उचलायचे. तीन वर्षं हे चाललं होतं. बाईंना उचलून घ्यायची इतकी चीड की त्यांनी बाहेर जाणंच सोडलं. त्यांना हवं होतं एवढंच: कुणाला हाक न मारता, स्वतःच्या हातांनी चाकं फिरवत, कोपऱ्यावरच्या वाचनालयापर्यंत जायचं आणि परत यायचं. मुलं त्यांच्यासाठी पायऱ्यांवरून लाकडी उतार बांधणार होती.

मंगळवारी गट स्क्रूचा डबा विसरला, म्हणून रंधा तो द्यायला तिथे गेला. उतार जवळजवळ झाला होता. दीड फुटाला अठरा फूट लांबी, पुस्तिकेतल्या कोष्टकाप्रमाणे. एका बाजूला कठडा. मुलांनी मन लावून काम केलं होतं, फळ्यांच्या कडाही घासल्या होत्या. रंधाने सवयीने खोट शोधायला सुरुवात केली, आणि ती त्याला दारात सापडली.

दार बाहेर उघडणारं होतं. ड्रिलची वायर आतून यायची म्हणून सोमवारपासून ते भिंतीला टेकवून विटेने अडवून ठेवलेलं, त्यामुळे ते बंद झालेलं कोणी बघितलंच नव्हतं. रंधाने पायाने वीट सरकवली. दाराला स्प्रिंग होती, ते आपोआप मिटलं. त्याने परत ओढून उघडलं. उतार थेट उंबऱ्याला भिडत होता, मध्ये सपाट जागा वीतभरही नव्हती. म्हणजे एकटं माणूस खुर्चीतून वर आलं की उतारावरच थांबून, एक हात चाकावरून काढून, दार स्वतःच्या अंगावर ओढायचं. दुसऱ्या हाताने चाक किती वेळ धरवणार? चुकीला औषध सोपं होतं. बिजागऱ्या काढून दार आतल्या बाजूला उघडेल असं बसवायचं, चौकटीला बाहेरून पट्टी मारायची. दीड तासाचं काम.

तो सांगायला वळला, तेवढ्यात साहेब म्हणाले, "काका, अवजार-सांभाळने साइटवर थांबायचं नसतं. डबा ठेवा आणि निघा. तुम्ही असलात की मुलं बुजतात."

मुलं ऐकत होती. रंधाने डबा ठेवला. वीट पूर्वीसारखी दाराला लावली. मग साहेबांच्या निळ्या पट्टीकडे बघून तो हसला आणि म्हणाला, "बरं."

पुढचे तीन दिवस त्याच्या आयुष्यातले सुखाचे गेले, असं म्हणायला लाज वाटते, पण गेले. अवजारांच्या खोलीत बसून तो शनिवार रंगवत होता. पाळक असतील, समिती असेल, आणि सगळ्यांदेखत साहेबांची पुस्तिका उघडी पडेल. बाई वर येतील, दार बघतील, थांबतील, वळून म्हणतील, "साहेब, हे कसं उघडायचं?" त्याच्या चित्रात बाई फक्त थांबत होत्या. त्यापुढचं चित्र त्याने काढलंच नव्हतं. चाळीस वर्षं लाकडाच्या वजनाचा अंदाज घेणारा माणूस एका म्हातारीच्या वजनाचा अंदाज घ्यायला विसरला, कारण त्याला तिच्याशी काही देणंघेणंच नव्हतं.

रंधाची मुलगी शिबिरात प्रथमोपचाराला होती. तिने गुरुवारी विचारलं, "बाबा, हॅलोबाईंचा उतार नीट झालाय ना? तुम्ही बघून आलात म्हणे."

"साहेबांचा आहे. मला काय विचारतेस?"

"तुम्हाला नाही विचारणार तर कुणाला विचारू? लाकडातलं तुम्हालाच कळतं."

हे ऐकून तो क्षणभर विरघळला. उद्या सांगू, असं त्याने ठरवलंही. पण शुक्रवारी संध्याकाळी आभाराचं वर्तुळ झालं, म्हणजे सगळे गोल बसून एकमेकांचे आभार मानतात तो कार्यक्रम. साहेबांनी सगळ्यांचे मानले आणि शेवटी आठवण झाल्यासारखं म्हणाले, "आणि अवजारं जागच्या जागी ठेवल्याबद्दल आपल्या काकांचेही." लोकांनी टाळ्या वाजवल्या. रंधाच्या ओठावर आलेलं परत पोटात गेलं.

शनिवारी अर्पणविधी झाला. ह्या मंडळीची पद्धत अशी की काम संपलं की सगळ्यांनी त्याला हात लावून प्रार्थना करायची. चाळीस मुलं आणि पंधरा पट्ट्या त्या उताराला हात लावून डोळे मिटून उभ्या राहिल्या. गाणं झालं, फोटो झाले. उतार वापरून बघावा हे मात्र कोणाच्या डोक्यात आलं नाही. प्रार्थना झाली म्हणजे तपासणी झाली, असा एकूण समज. वीट काढलेली होती. हॅलोबाई आतून दार ढकलून बाहेर आल्या, ब्रेक लावत लावत खाली उतरल्या, फाटकापर्यंत गेल्या. मुलं ओरडली. बाईंनी डोळे पुसले आणि म्हणाल्या, "आता कुणी हात लावू नका. मी एकटी वर जाते."

आणि मोठी माणसं, सवयीप्रमाणे, हात पाठीमागे ठेवून उभी राहिली. रंधाही.

बाई वर पोचल्या. उजवा हात चाकावरून काढून त्यांनी दाराची मूठ ओढली. दार अंगावर आलं, खुर्ची मागे सरकली. बाईंनी घाईने परत चाक धरायला हात घातला, तो चाक आणि कठड्याच्या मध्ये सापडला. खुर्ची तशीच अठरा फूट मागे आली आणि फाटकावर आदळली. रंधाची मुलगी पहिली धावली. मनगटाचं हाड मोडलं होतं.

ज्या क्षणासाठी रंधाने चार दिवस घास घोळवावा तसा घोळवला, तो हा. आणि त्यातही त्याची निराशाच झाली. साहेबांनी सबब सांगितली नाही, पुस्तिका पुढे केली नाही. ते मुलांसमोर जमिनीवर बसले आणि म्हणाले, "चूक माझी आहे. मुलांची नाही. दार बंद करून बघायला हवं होतं, ते मी बघितलं नाही." इतका वेळ ज्याच्यावर हसलो तो माणूस असा सरळ निघावा, ह्याचा रंधाला रागच आला. स्वतःबद्दल काही वाटायला मात्र त्याला आणखी दोन दिवस लागले.

सोमवारी दुपारी तो पेटी घेऊन हॅलोबाईंकडे गेला. बाईंच्या हाताला प्लास्टर होतं, खुर्ची खिडकीशी लावलेली. त्याने बिजागऱ्या काढल्या, दार आतून बसवलं, पट्टी मारली. दीड तास लागला, बरोब्बर. दार असं बसलं की करंगळीने ढकललं तरी आवाज न करता आत जावं.

"आता बघा," तो म्हणाला. "खुर्चीच्या पाय ठेवायच्या पाटीनेच उघडेल. हात सोडायला नको."

"छान झालं," बाई म्हणाल्या. "दोन महिन्यांनी बघीन. तोवर ही चाकं फिरवायला हात नाही मला."

तो अवजारं पेटीत भरू लागला.

"मंगळवारी तुम्ही आला होतात ना?" बाई म्हणाल्या. "मी इथेच बसले होते, खिडकीत. तुम्ही वीट काढलीत, दार मिटून बघितलंत, उघडून बघितलंत. आणि मग हसलात."

रंधाने पेटीत ठेवलेला हातोडा परत बाहेर काढला.

"मला कुणीतरी सांगितलेलं, ह्या माणसाला काही पसंत पडत नाही म्हणून," बाई म्हणाल्या. "म्हटलं, हा हसला, म्हणजे काम नक्की चांगलं झालंय. म्हणून तर शनिवारी सगळ्यांना म्हटलं, कुणी हात लावू नका."